अर्जातलं सातवं कलम

मी वकील नव्हतो. हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर पुढचं वाचून कुणाला वाटेल की कायदा शिकलेल्या माणसानं असं करावं तरी कसं. जव्हारच्या कचेरीत मी नकला करायचो. कुणाला निकालाची नक्कल हवी असायची, कुणाला हुकमाची. ती मी मूळ कागदावरून उतरवून द्यायची, खाली साहेबांची सही आणि शिक्का. अकरा वर्षं हेच काम. दुसऱ्यांचं लिहिलेलं उतरवून उतरवून माणसाला एक खोड लागते. हे सगळं आपल्यालाच येतं असं त्याला वाटायला लागतं. मला ती खोड चांगलीच लागली होती.

ही हकीकत जर्मनच्या लढाईच्या थोडी आधीची आहे. यात मी कुणाचं नाव लिहीत नाही. फौजदार कोण आणि ठाणं कुठलं, तेही नाही. ती माणसं गेली, त्यांची मुलंनातवंडं आहेत, आणि मला आता कुणाशी भांडायचं नाही. भांडायची वेळ होती तेव्हा मी गप्प बसलो, मग आता कशाला आव आणू.

तेव्हा मोखाड्याकडचा मुलूख इंग्रजांचा आणि आमचं संस्थान वेगळं. हद्द म्हणजे काही भिंत नव्हती. जंगलात कुठं दगड पुरलेले, कुठं नुसता ओढा. ओढ्याच्या पलीकडच्या एका पाड्यावरून एक म्हातारी दर बाजाराला आमच्याकडं पळसाची पानं घेऊन यायची. अर्धा दिवस चालत यायची. पडवीत बसून माझ्या बायकोला पानं मोजून द्यायची, ताक प्यायची, थोडं बोलायची आणि जायची. ती सगळ्यांना अरे-तुरे करायची. मला तर करायचीच, पण महाराज समोर आले असते तरी त्यांनाही केलं असतं. तिच्या लोकांत अहो-जाहो नव्हतंच. बायको मला चिडवायची, ‘अख्ख्या गावात तुम्हाला तुमच्या लायकीप्रमाणं हाक मारणारी ही एकटीच.’

त्या वर्षी दिवाळीनंतर दोन बाजार ती आली नाही. तिसऱ्या बाजाराला आली ती रिकाम्या हातानं. मी कचेरीतून दुपारी जेवायला आलो तर ती पडवीच्या खांबाला टेकून बसलेली आणि बायको तिच्यासमोर. बायकोनं ताट वाढलं नाही. म्हणाली, ‘आधी हिचं ऐकून घ्या.’

म्हातारीचा एकुलता एक मुलगा संस्थानच्या हद्दीत, ओढ्याच्या अलीकडं, साग तोडायच्या कामावर होता. तोडीला काढलेला तो जंगलाचा तुकडा, म्हणजे कूप, एका ठेकेदारानं घेतलेलं, माणसांवर त्याचा मुकादम. घरी नागली झोडायची राहिली होती, म्हणून दोन दिवस जाऊन येतो असं पोरगा म्हणाला. मुकादम नको म्हणाला. पोरगा निघाला. मुकादमानं कुऱ्हाडीच्या दांड्यानं त्याला पाठीत आणि पोटात मारलं. संध्याकाळच्या आत दोघा-तिघांनी त्याला झोळीत घालून ओढ्यापलीकडं घरी आणून टाकलं आणि सांगितलं की झाडावरून पडला. तो दोन दिवस जगला. रक्त ओकत होता. पण शुद्धीवर होता, आणि काय झालं ते त्यानं आईला आणि बायकोला सांगितलं. तिसऱ्या दिवशी गेला.

‘मग फौजदाराला सांगितलंस का?’ मी विचारलं.

ती अशी हसली की मलाच लाज वाटली. चार खेपा झाल्या होत्या तिच्या. पलीकडच्या ठाण्यात गेली तर फौजदार म्हणाला, मारलं कुठं, संस्थानात ना, मग तिकडं जा. अलीकडच्या ठाण्यात आली तर हा म्हणाला, मेला कुठं, इंग्रजी मुलखात ना, मग तिकडं जा, आणि मारलं कशावरून, चार माणसं सांगतात झाडावरून पडला. ती पुन्हा तिकडं गेली, पुन्हा इकडं आली. वही कुणी उघडली नाही. मधल्या मधे प्रेत किती दिवस ठेवणार. जाळलं.

‘तुला काय हवंय? त्याला फाशी?’ मी विचारलं.

‘नाय रं,’ ती म्हणाली. ‘त्यानं काय होतं. माझ्या पोराला मारला, येवढं वहीत लिव म्हणते मी. झाडावरनं पडला नाय. मारला.’

मला आधी कळेना की वहीतल्या एका ओळीचं या बाईला काय एवढं. मग तिनं सांगितलं. जन्मभर झाडावर चढलेला तरणा माणूस झाडावरून पडला तर तिच्या पाड्यावर तो नुसता पडत नसे, त्याला कुणीतरी पाडलेलं असे. भगत सुपात दाणे टाकणार आणि कोण ते सांगणार. पाड्यावर कुजबुज सुरूही झाली होती. पोराचं लग्न होऊन दीड वर्ष झालं होतं, सून खोडाळ्याच्या पलीकडची, लांबची, आणि घरात पाऊल ठेवल्यापासून एक म्हैस गेली होती आणि आता नवरा. सगळ्यांचे डोळे तिच्यावर होते. एकदा भगतानं तिला भुताळी म्हटलं की संपलं. मग त्या पोरीला कुणी विहिरीवर पाणी भरू देणार नाही, कुणी कामाला बोलावणार नाही, आणि नशीब खराब असलं तर दगडांनी मारतील. सासूला कुणी विचारत नव्हतं. ती म्हणेल की पोरानं मला सांगितलं, तर सून वाचवायला म्हणते असं लोक म्हणणार. पण सरकारच्या वहीत मुकादमानं मारला असं लिहिलं गेलं, पोलीस पाड्यावर येऊन चार लोकांना विचारून गेला, की मग भगताला दाणे टाकायचं कारणच राहत नव्हतं.

‘भगत सरकारला भितो,’ ती म्हणाली. ‘वहीला भितो. म्हून वही पायजे मला.’

बायकोनं माझ्याकडं पाहिलं. ‘लिहा की तुम्ही. नाहीतरी जन्मभर लोकांचंच लिहीत आलाय. एकदा मनचं लिहा.’

आता इथं माझी ती खोड जागी झाली. मी जेवण विसरून कायद्यावर बोलायला लागलो. म्हटलं, म्हातारे, फौजदार म्हणतो ते खोटं आहे. गुन्हा जिथं घडला तिथंही चौकशी होते आणि त्याचा परिणाम जिथं झाला तिथंही. मार इथं दिला आणि मरण तिथं आलं, तर दोन्ही ठाण्यांना टाळता येत नाही. शिवाय खुनाची वर्दी घेऊन कुणी आलं तर ती लिहून घ्यायची, वाचून दाखवायची, हे फौजदाराचं कामच आहे. नाही घेतली तर त्याच्या वरच्याला लेखी अर्ज. तिथंही दाद नाही तर सरळ मॅजिस्ट्रेटपुढं उभं राहून शपथेवर फिर्याद. मॅजिस्ट्रेट फौजदाराला हुकूम करू शकतो की घे लिहून आणि कर चौकशी. त्यानंही नाही म्हटलं तर वर कारभारी, त्याच्या वर दरबार. एक दार बंद तर दुसरं आहे. मी एकेक बोट मोजत सांगत होतो. म्हातारी माझ्या बोटांकडं बघत होती. एवढी दारं आहेत हे तिला आजवर कुणी सांगितलं नव्हतं.

हे सगळं मी कचेरीतल्या कायद्याच्या पुस्तकातून आणि उतरवलेल्या शेकडो हुकमांतून उचललेलं होतं. चूक नव्हतं त्यातलं काही. आजही सांगतो, त्यातलं एक अक्षर चूक नव्हतं.

फौजदाराच्या वरच्याकडं पहिला अर्ज मी लिहिला. महिना गेला. अर्ज पोचला एवढं कळलं, पुढं काही नाही. दर बाजाराला म्हातारी यायची, पडवीत बसायची, मी मान हलवली की उठून जायची. पाड्यावर भगतानं शिमग्यानंतर दाणे टाकायचं ठरवलं होतं. म्हणजे आमच्याकडं तेवढाच वेळ होता. मी ठरवलं, आता मॅजिस्ट्रेट.

मधे एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर माझ्या मूर्खपणाचं वजन कळायचं नाही. दोन वर्षं आधी एका शेतीच्या हद्दीच्या वादात पंचनामा करायला साहेबांनी मला एका पाड्यावर पाठवलं होतं. दोन चुलत भाऊ, वर्षभर एकमेकांचं तोंड न बघणारे. मी कागद पसरून बसलो आणि तेवढ्यात त्यांच्या पंचांनी आपल्या रीतीनं वाद मिटवूनही टाकला. एकानं मोहाची दारू आणली, पळसाच्या द्रोणात ओतली, दुसऱ्यानं ती प्याली. झालं. म्हातारा पंच मला म्हणाला, ‘आता कागद बांध. ज्याच्याशी वैर त्याच्या हातची प्याली की वैर मेलं. पुन्हा उकरायचं नाय.’ मला फार मौज वाटली होती. घरी येऊन बायकोला रंगवून सांगितलं होतं, की आमच्या कचेरीत सात वर्षं चालणारी भांडणं हे लोक एका द्रोणात बुडवतात. म्हणजे मला हे ठाऊक होतं. मला ठाऊक नव्हतं असं मी म्हणूच शकत नाही.

तर मॅजिस्ट्रेटसाठी अर्ज लिहायचा दिवस आला. त्या दिवशी म्हातारीबरोबर तिचा दीर आला होता, तिच्या मेलेल्या नवऱ्याचा धाकटा भाऊ. बापडा साधा माणूस, आत न येता अंगणात विडी ओढत उकिडवा बसला. मी सहा कलमं लिहून काढली होती. पोरगा कुठं कामाला होता. मुकादमानं कशानं आणि का मारलं. त्याला कसं आणलं. मरणाआधी तो काय बोलला आणि कुणासमोर. दोन्ही ठाण्यांत म्हातारी किती वेळा गेली. वरच्याकडं अर्ज कधी दिला. मोत्याच्या ओळी. पण साक्षीदार दोन, एक आई आणि एक बायको, आणि दोघी आपल्याच. मला आणखी काहीतरी हवं होतं. म्हातारी आत बायकोकडं होती. मी बाहेर जाऊन दिराला विचारलं, ‘मुकादम नंतर कधी तुमच्याकडं आला होता का?’

‘तो नाय आला,’ दीर म्हणाला. ‘पोराचे दिवस केले तवा दोन हांडे दारू धाडली त्यानं. माणसाच्या डोक्यावर.’

तिच्या लोकांत मेलेल्याचे दिवस करतात तेव्हा येणारा प्रत्येकजण दारू घेऊन येतो. कुणाचीच परत पाठवत नाहीत. आली की मोठ्या मडक्यात ओततात, पहिला थेंब मेलेल्याच्या नावानं जमिनीवर, मग आईनं घोट घ्यायचा, मग बायकोनं, मग सगळ्यांनी. हे त्यानंच मला सांगितलं. दारू घेणारा तोच होता. घरात रडारड, शंभर माणसं, कुणाची कुठली कोण विचारतो. घेतली आणि ओतली. कुणाची ते त्याला मागाहून कळलं.

आणि मला काय वाटलं? मला आनंद झाला. खरंच सांगतो, मला आनंद झाला. पुरावा सापडला असं वाटलं. मनात पाप नसतं तर कुपातल्या एका मजुराच्या दिवसाला मुकादम दोन हांडे दारू कशाला पाठवतो? मी आत गेलो, टाक बुडवला आणि सातवं कलम लिहिलं. ‘सदर मुकादमाने आपले कृत्याची जाणीव असलेने मयताचे उत्तरकार्याचे दिवशी अर्जदार बाईचे घरी मद्य पाठविले व ते अर्जदार बाईने व मयताचे पत्नीने प्राशन केले.’ शेवटचा तुकडा मी का जोडला? वाक्य अर्धं वाटत होतं म्हणून. मद्य पाठवलं, तर त्याचं पुढं झालं काय, हे कागदात यायला नको का? अकरा वर्षं वाक्यं उतरवलेला माणूस मी. मला अर्धं वाक्य सोडवेना.

मग म्हातारीला बोलावून अर्ज वाचून दाखवला. घडाघडा वाचला. ती ऐकत होती, ‘मयत’ आला की तिचा चेहरा हलायचा, बाकी काही नाही. अंगठा उमटवला.

रात्री जेवताना बायकोनं विचारलं, ‘तिला समजेल असं वाचलंत ना? तिच्या बोलीत?’

‘कायद्याचा कागद कायद्याच्या भाषेतच वाचायचा असतो,’ मी म्हणालो. आणखीही काही म्हणालो, ते इथं लिहिण्यासारखं नाही.

मॅजिस्ट्रेट म्हणजे आमच्याच कचेरीचे साहेब. माणूस वाईट नव्हता. तब्येतीनं किरकोळ, डोळ्यांना जाड चष्मा, आवाज कधी चढायचा नाही. त्या दिवशी मी माझ्या कोपऱ्यातल्या मेजावर नकला करत बसलो होतो, म्हणजे तसं दाखवत होतो. त्यांनी अर्ज उलगडला, अक्षर पाहिलं आणि चष्म्यावरून एकदा माझ्याकडं पाहिलं. माझं अक्षर ते रोज बघत. म्हातारीला शपथ दिली. समोर अलीकडच्या ठाण्याचा फौजदार उभा होता, त्याला खुलासा द्यायला बोलावलं होतं.

साहेब एकेका कलमावर बोट ठेवून वाचत गेले. चौथ्यावर त्यांनी म्हातारीला विचारलं, ‘मुलगा शुद्धीवर होता?’

‘होता. पाणी पायजे झालं तर मागायचा. सुनेला म्हणाला रडू नको.’

पाचव्यावर फौजदाराला विचारलं, ‘ही बाई किती वेळा आली होती तुमच्याकडं?’ फौजदार म्हणाला, दोनदा, पण हद्दीचा प्रश्न होता. साहेब म्हणाले, ‘हद्दीचा प्रश्न तुम्ही सोडवायचा की हिनं?’ फौजदार खाली बघायला लागला. मी टाक हातात धरून बसलो होतो, त्यातली शाई कागदावर ठिबकून गेली तरी मला कळलं नाही. साहेबांनी आपला टाक उचलला. हुकूम लिहायला उचलला, मी अकरा वर्षं ते उचलणं पाहिलं होतं. मग त्यांनी पान उलटलं, कारण सातवं कलम मागच्या बाजूला होतं.

तिथं बोट थांबलं. फौजदारानं ते थांबलेलं पाहिलं असावं, कारण तो पुढं झाला आणि म्हणाला, ‘साहेब, मी सांगणारच होतो. या लोकांत वाद असाच मिटतो. मारामारी झालीही असेल, पण त्यांच्यात ती मिटलेली आहे. त्यांनी अर्जातच लिहून दिलंय.’

साहेब म्हातारीकडं वळले. साहेबांचं लहानपण इकडंच गेलेलं, तिची बोली त्यांना येत होती. तिच्याच बोलीत त्यांनी विचारलं, ‘बाई, पोराच्या दिवसाला त्या मुकादमाची दारू तुझ्या घरी आली होती?’

ती म्हणाली, ‘कुणाची?’

‘ज्यानं मारला म्हणतेस त्याची. दोन हांडे. इथं लिहिलंय.’

तिनं मागं वळून दिराकडं पाहिलं. दीर जमिनीकडं बघत होता. मग तिनं माझ्याकडं पाहिलं. मी मान खाली घातली आणि लिहायला लागलो, काय लिहीत होतो देव जाणे.

‘प्यालीस तू?’ साहेबांनी विचारलं.

नाही म्हणाली असती तर काय बिघडलं असतं? ‘मला ठाऊक नव्हतं कुणाची होती’ एवढं म्हणाली असती तरी चाललं असतं. पण विचारलं होतं तेवढ्याचंच उत्तर तिनं दिलं. ‘प्याले.’

‘सून?’

‘तिनं पण.’

‘म्हणजे तुमच्या रीतीनं हे मिटलं?’

‘प्याले तर मिटलंच,’ ती म्हणाली. एवढ्या हळू म्हणाली की साहेबांना पुन्हा विचारावं लागलं, आणि तिनं पुन्हा म्हटलं.

आता ऐका. मला कायदा ठाऊक होता. माणूस मेल्याचा गुन्हा दारूच्या घोटानं मिटत नाही. किरकोळ मारहाण आपसात मिटवता येते, खून येत नाही, पंचांनी म्हटलं तरी नाही आणि फिर्यादीनं म्हटलं तरी नाही. हे मी स्वतःच्या हातानं किती हुकमांत उतरवलं होतं. त्या क्षणी उभं राहून एवढंच म्हणायचं होतं, साहेब, हे मिटण्यातलं नाही. त्यांना ते ठाऊक नसेल असं नाही, पण कुणी मोठ्यानं म्हटलं असतं तर त्यांना ते डावलता आलं नसतं. मी उठलो नाही. कचेरीचा कारकून फौजदाराविरुद्ध अर्ज लिहितो, शिवाय उभा राहून वादही घालतो, तर दुसऱ्या दिवशी मी कुठं असतो? हा विचार मी केला. भीती वाटली मला. नोकरी जाईल या भीतीनं मी बसून राहिलो.

साहेबांनी हुकूम लिहिला. फिर्यादी बाईनं समेट झाल्याचं कबूल केलं. मयताचा मृत्यू झाडावरून पडून झाला याबद्दल शंका घेण्यास सबळ कारण दिसत नाही. सबब अर्ज निकाली.

कचेरीच्या पायऱ्यांवर मी तिला गाठलं. मी पुन्हा कायदा बोलायला लागलो. म्हटलं, हे शेवटचं नाही, कारभाऱ्यांकडं जाऊ, दरबारात जाऊ, खून असा मिटत नाही, कायदा आपल्या बाजूनं आहे. तिनं सगळं ऐकून घेतलं.

‘तुझा कायदा नाय म्हणत असंल,’ ती म्हणाली. ‘पण माझ्या घशातनं गेली ती. पोराच्या नावानं थेंब टाकला आन् प्याले. ती आता कुठनं काढू?’

‘तुला ठाऊक नव्हतं ना पण.’

‘तुला ठाऊक होतं,’ ती म्हणाली. ‘मला का नाय विचारलंस?’

ती आत माझ्या बायकोकडं ताक पीत बसली होती. दहा पावलांवर. विचारायला मला दहा पावलं जायचं होतं. दीर चार पावलं मागं आणि ती पुढं, अशी दोघं उतरणीनं निघून गेली.

आठ दिवसांनी ठेकेदाराचा माणूस कचेरीत आला. त्याला हुकमाची नक्कल हवी होती, सहीशिक्क्याची. पाड्यावर नेऊन दाखवायला असणार, दुसरं कशाला. नक्कल करणं माझं काम. मी केली. साहेबांनी हुकमात माझं सातवं कलम जसंच्या तसं घेतलं होतं, अवतरणचिन्हांत, अर्जदाराच्याच शब्दांत म्हणून. माझंच वाक्य मी माझ्याच हातानं दुसऱ्यांदा लिहिलं. एक काना चुकला नाही.

शिमगा झाला. भगतानं दाणे टाकले. वही कोरीच होती, वर ठेकेदाराकडं शिक्क्याचा कागद होता की पोरगा झाडावरून पडला. मग कुणी पाडला? दाण्यांनी सुनेकडंच बोट दाखवलं. आम्हाला हे बाजारात आलेल्या दुसऱ्या बाईकडून कळलं. पोरीला दगड लागले, पण जिवंत राहिली. खोडाळ्यापलीकडं माहेरी गेली, तिथंही बातमी तिच्या आधी पोचलेली. माहेरच्यांनी घरात घेतली नाही, शेताच्या कडेला एक खोपट बांधून दिलं. बायको ऐकत होती. मला काही बोलली नाही, चिडवलं नाही, रागावलीही नाही. त्यानंतर किती दिवस तिनं मला चिडवलं नाही, आणि ते मला फार लागलं.

चैत्रात एकदा म्हातारी आली. पळस अजून बोडके होते, पानं आणायला नव्हतीच. पाठीवर एक गाठोडं आणि हातात कोयता. पडवीत बसली. बायकोनं ताक दिलं ते तिनं घेतलं, आणि मला बरं वाटलं की घेतलं.

‘घर सोडलं,’ ती म्हणाली. ‘सुनेकडं चालले. ती भुताळी, तर मी भुताळीची सासू. दोघी राहू.’

मी म्हणालो, ‘तुला तर कुणी काही म्हटलं नव्हतं.’

‘म्हून तर जाते,’ ती म्हणाली.

मग तिनं विचारलं, ‘माझ्या पोराला मारला असं कुठं लिवलंय का? येका जागी तरी?’

मी विचार केला. ठाण्याच्या वहीत नव्हतं. हुकमात नव्हतं. ‘माझ्या अर्जात लिहिलंय,’ मी म्हणालो. ‘आणि त्याचा खर्डा माझ्याकडं आहे.’

‘मग वाच. सुनेला सांगायला मला तोंडपाठ पायजे. माझ्या बोलीत वाच.’

मी आतून खर्डा आणला. तिची बोली मला धड येत नव्हती, पण बायको शेजारी बसली आणि अडलं तिथं शब्द देत गेली. माझा पोर कुपात कामाला होता. नागली झोडायला दोन दिवस घरी जातो म्हणाला. मुकादमानं कुऱ्हाडीच्या दांड्यानं त्याला मारला. म्हातारी प्रत्येक वाक्य मागून म्हणत होती, ओठ हलवून. सहा कलमं संपली. मी कागदाची घडी घातली.

‘येक राहिलं,’ ती म्हणाली.

‘एवढंच आहे.’

‘सात होती. सायब बोट ठेवत होता तवा मी मोजली. दारूचं राहिलं.’

मी घडी उलगडली. कागदी मराठीतून तिच्या बोलीत उतरवताना शब्द आपोआपच निराळे आले. मी म्हणालो, ‘ज्यानं मारला त्याची दारू घरात आली. कुणाची ते आम्हाला ठाऊक नव्हतं. आम्ही ती प्यालो.’

तिनं ते दोनदा म्हटलं, पाठ होईपर्यंत. मग गाठोडं पाठीवर घेऊन उठली.

‘असं लिवायचं होतंस,’ ती म्हणाली, आणि खोडाळ्याच्या वाटेला लागली.